एका दुपारी दहा गोल

१३ एप्रिल १९३६. ईस्टरचा सोमवार, सुट्टीचा दिवस. लंडनच्या उत्तरेला ल्यूटन नावाचं टोप्या बनवणाऱ्यांचं गाव आहे, तिथे ब्रिस्टॉल रोव्हर्सचा संघ खेळायला आला होता. सामना तिसऱ्या श्रेणीतला, म्हणजे फुटबॉल लीगच्या उतरंडीत सगळ्यात खालचा. ल्यूटनचे नेहमीचे आघाडीवीर जायबंदी झालेले, म्हणून जो पेन नावाच्या राखीव खेळाडूला पुढे उभं केलं गेलं. वय २२. डर्बीशरच्या कोळसा खाणीत काम केलेला हा पोरगा खरं तर हाफ बॅक, म्हणजे मधल्या फळीतला. सेंटर फॉरवर्डच्या, म्हणजे आघाडीतल्या मधल्या जागी मुख्य संघातून तो पहिल्यांदाच उतरत होता. ल्यूटननं सामना १२-० असा जिंकला आणि त्यातले दहा गोल एकट्या पेनचे होते.

आधी ते नऊच मोजले गेले होते. एक गोल सहकाऱ्याच्या नावावर लागला होता. पेननं डोक्यानं मारलेला चेंडू सहकाऱ्याचा पाय लागण्याआधीच रेषेपलीकडे गेला होता, असं पंचांनी नंतर सांगितलं आणि दहा पूर्ण झाले. फुटबॉल लीगच्या एका सामन्यात एका खेळाडूनं केलेल्या गोलांचा हा विक्रम आजही कायम आहे.

आता आपला प्रश्न. यात पेनचं कसब किती आणि नशीब किती?

नशीब मोजायची एक जुनी पट्टी आहे, आणि तिची गोष्ट घोड्यांच्या लाथांपाशी जाते. प्रशियाच्या घोडदळात लाथ बसून दर वर्षी काही सैनिक मरत. लाडिस्लाउस बोर्टकेविच या संख्याशास्त्रज्ञानं १० दळांची २० वर्षांची नोंद मांडली. एका दळाचं एक वर्ष ही एक नोंद धरली, तर अशा २०० नोंदींमध्ये १२२ मृत्यू, म्हणजे सरासरी ०.६१. २०० पैकी १०९ नोंदींत एकही मृत्यू नव्हता, ६५ मध्ये एक, २२ मध्ये दोन, तीन नोंदींत तीन आणि एकीत चार. प्वासाँ या फ्रेंच गणितज्ञाचं सूत्र वापरून फक्त ०.६१ या सरासरीवरून आकडे काढले, तर ते येतात साधारण १०९, ६६, २०, ४ आणि १. एखाद्या दळात एका वर्षी चार जण गेले की तिथले घोडे माजलेत, अधिकारी ढिला आहे, अशी कुजबुज होणारच. गणित म्हणतं की कुणीही दोषी नसताना दोनशेत एखादं असं वर्ष निघायचंच.

गोलही काहीसे तसेच. क्वचित होतात, कधी होतील सांगता येत नाही, पण सरासरी काढता येते. पेनची सरासरी काय धरायची? पुढच्या मोसमात, १९३६-३७ मध्ये, त्यानं लीगच्या ३९ सामन्यांत ५५ गोल केले आणि ल्यूटननं आपल्या गटाचं विजेतेपद मिळवलं. सामन्याला १.४१ गोल पडले. खाली-वर कुठल्याही श्रेणीत ही सरासरी अफाटच. ती प्वासाँच्या सूत्रात घातली, तर एका सामन्यात दहा किंवा जास्त गोल होण्याची शक्यता येते सुमारे चार लाखांत एक.

तेव्हा लीगच्या चारही विभागांत (पहिली श्रेणी, दुसरी श्रेणी आणि तिसरीचे दक्षिण व उत्तर असे दोन गट) मिळून मोसमात १,८४८ सामने होत. प्रत्येकात दोन सेंटर फॉरवर्ड. ते सगळेच्या सगळे पेनच्या तोडीचे मानले (जे साफ खोटं आहे), तरी असा एक दिवस उजाडायला शंभराहून जास्त मोसम वाट पाहावी लागेल.

इथवर वाचून ‘चमत्कार!’ म्हणायचा मोह होतो. पण अशा वेळी मी आधी गणितावर संशय घेतो, कारण शेजारीच आणखी एक ‘चमत्कार’ पडलेला असतो. पेनच्या त्या दुपारच्या साडेतीन महिने आधी, २६ डिसेंबर १९३५ ला, तिसऱ्या श्रेणीच्याच उत्तर गटात ट्रॅनमिअर रोव्हर्सनं ओल्डहॅमला १३-४ असं धुतलं. बनी बेल या ट्रॅनमिअरच्या सेंटर फॉरवर्डनं त्यात नऊ गोल केले, वर एक पेनल्टी हुकवली. आणि मजा बघा, आदल्याच दिवशी, नाताळला, याच ओल्डहॅमनं याच ट्रॅनमिअरला ४-१ असं हरवलं होतं!

लाखांत एक अशा गोष्टी एकाच मोसमात दोनदा घडत असतील, तर आपण धरलेली सरासरीच कच्ची आहे.

प्वासाँच्या सूत्राला दोन गोष्टी गृहीत लागतात. सरासरी दिवसागणिक बदलत नाही, आणि एक घटना दुसरीला ढकलत नाही. लाथ मारणारा घोडा दुसऱ्या घोड्याला शिकवत नाही. फुटबॉलमध्ये मात्र दोन्ही गृहीतकं डळमळतात. तेव्हा बदली खेळाडू नव्हते. लीगमध्ये ते १९६५ मध्ये आले. बचावातल्या एकाचा पाय मुरगळला की उरलेला वेळ दहा जणांनी निभावायचा, किंवा त्या लंगड्याला कडेला उभं करायचं. सहाव्या-सातव्या गोलनंतर हरणाऱ्यांचा जीव खेळात राहत नाही, आणि जिंकणारे ज्याचा हात लागलाय, म्हणजे पाय लागलाय, त्याच्याकडेच चेंडू देत सुटतात. गोल गोलाला ओढतो.

शिवाय त्या काळाची हवाच गोलांची होती. १९२५ पर्यंत ऑफसाइडचा नियम असा, की चेंडू पुढे दिला जात असताना आघाडीवीर आणि गोलरेषा यांच्यामध्ये प्रतिपक्षाचे निदान तीन जण हवेत. बचावपटूंनी याचा सापळाच केला होता. त्यातला एक पुढे सरकला की आघाडीवीर अडकलाच. १९२५ मध्ये तीनाचे दोन केले. लीगमधले एकूण गोल एका मोसमात ४,७०० वरून ६,३७३ वर गेले. सामने तेवढेच, चेंडू तोच, फक्त नियमातला एक आकडा बदललेला. लंडनच्या आर्सेनलनं मधला हाफ बॅक मागे ओढून बचावात तिसरा गडी उभा केला आणि इतरांनी हळूहळू त्यांचा कित्ता गिरवला. तरी गोल पूर्वीइतके काही खाली आले नाहीत.

हे सगळं जमेस धरून समजा, की त्या सोमवारी ल्यूटनसमोर बचाव इतका ढिला पडला होता की पेनची त्या दिवसापुरती सरासरी पाच होती. मग दहा किंवा जास्त गोलांची शक्यता किती? सुमारे ३१ त एक. चार लाखांवरून थेट ३१! म्हणजे खरा दुर्मीळ प्रकार दहा गोलांचा नाही, सरासरी पाचवर नेणारा दिवस उगवणं हा आहे. अशा ढिल्या दिवशी त्या जागी कुणी तरी उभा असणारच होता. पेनचं कसब दिसतं ते त्या दुपारपेक्षा पुढच्या ३९ सामन्यांत. नुसत्या नशिबावर ५५ गोल होत नाहीत.

एवढं करून ल्यूटनच्या पदरी काय पडलं? दोन गुण. १-० नं जिंकले असते तरी दोनच. मोसमाअखेर कोव्हेंट्रीचे ५७ गुण झाले, ल्यूटनचे ५६, आणि गटातून वर एकच संघ जाई. खेळाडूंच्या पगाराला लीगनं मर्यादा घातलेली होती, मोसमात आठवड्याला ८ पौंड. विजयाचा बोनस जास्तीत जास्त २ पौंड, मग गोल एक असो की बारा.

मे १९३७ मध्ये पेन इंग्लंडकडून फिनलंडविरुद्ध हेलसिंकीत खेळला, दोन गोल केले, आणि पुन्हा कधी इंग्लंडकडून खेळला नाही. १९३८ मध्ये चेल्सीनं त्याला पहिल्या श्रेणीत आणलं. दीड वर्षात महायुद्ध सुरू झालं आणि लीग बंद पडली. तेव्हा तो २५ वर्षांचा होता. युद्धानंतर वेस्ट हॅमकडून दहा सामने, सहा गोल, आणि दुखापतींनी खेळ संपला.

चेल्सीसाठी लीगमध्ये त्यानं ३६ सामन्यांत २१ गोल केले. सरासरी ०.५८, म्हणजे प्रशियाच्या घोड्यांच्या लाथांच्या आसपास. पहिल्या श्रेणीत ती चांगलीच मानायला हवी. पण पेनचे तेवढेच आकडे हातात असते आणि ल्यूटनचं कुणी काही सांगितलं नसतं, तर प्वासाँच्या सूत्रानं दहा गोलांची शक्यता काढली असती सुमारे १४० कोटींत एक.