कासा सान्ता मार्ता (व्हॅटिकन)

व्हॅटिकन सिटीत, सेंट पीटर्स बॅसिलिकाच्या दक्षिणेला, तटबंदीलगत असलेले कॅथलिक धर्मगुरूंचे निवासस्थान. लॅटिनमधील अधिकृत नाव दोमुस सांक्ते मार्ते. नव्या पोपची निवड करण्यासाठी जमणाऱ्या कार्डिनलांच्या (पोपखालोखालच्या ज्येष्ठ धर्मगुरूंच्या) मुक्कामासाठी १९९६ मध्ये ही पाचमजली इमारत उभी राहिली. एरवी व्हॅटिकनच्या कचेऱ्यांत काम करणारे धर्मगुरू इथे राहतात आणि कामानिमित्त आलेले बिशप उतरतात.

या जागी आधी धर्मशाळेवजा रुग्णालय होते. १९व्या शतकाच्या अखेरीस पोप लिओ तेरावे यांच्या कारकिर्दीत, रोमवर कॉलऱ्याचे सावट असताना ते बांधले गेले. साथीची भीती ओसरल्यावर आसपासच्या वस्तीतले रुग्ण तिथे येऊ लागले. जून १९४० मध्ये इटली युद्धात उतरली आणि शत्रुराष्ट्रांच्या ज्या राजनैतिक प्रतिनिधींची नेमणूक पोपच्या दरबारी होती, त्यांना रोम शहरात राहणे अशक्य झाले. ब्रिटिश प्रतिनिधी डार्सी ऑस्बोर्न यांनी याच वास्तूत बिऱ्हाड थाटले. पुढे अमेरिकेचे हॅरल्ड टिटमन सहकुटुंब आले. रोम मुक्त होईपर्यंत, म्हणजे १९४४ पर्यंत, या मंडळींचे जग व्हॅटिकनच्या भिंतींपुरतेच होते.

नव्या इमारतीची गरज का भासली, हे जुन्या निवडणुकांची पद्धत पाहिली की ध्यानात येते. कार्डिनलांना मतदान संपेपर्यंत कोंडून घ्यायचे, ही प्रथा शतकानुशतकांची. त्यांच्या झोपण्याची सोय मात्र अपोस्टॉलिक पॅलेसच्या (पोपच्या राजवाड्याच्या) दालनांत आडोसे उभारून तात्पुरती केली जाई. लोखंडी खाट, हात धुण्याचे भांडे, चिठ्ठी टाकून वाट्याला आलेला कोपरा आणि अनेकांत मिळून एक न्हाणीघर, असा तो थाट. ऑगस्ट १९७८ मध्ये रोमच्या उकाड्यात, खिडक्या बंद ठेवून, १११ कार्डिनलांनी हे सोसले. त्यांतले बरेच जण वयाची साठी ओलांडलेले. ऑक्टोबरात हाच प्रसंग पुन्हा आला आणि त्यातून जॉन पॉल दुसरे पोप झाले. म्हणजे गैरसोय दोनदा स्वतः भोगलेल्या माणसानेच पुढे हे घर बांधवून घेतले. २२ फेब्रुवारी १९९६ रोजी त्यांनी जारी केलेल्या निवडणूक नियमावलीत कार्डिनलांचा मुक्काम इथेच असेल, असे नमूद केले. खोल्या चिठ्ठ्या टाकून देण्याची रीत मात्र कायम राहिली.

बांधकामाला विरोधही झाला. सेंट पीटर्सच्या घुमटाचे दृश्य झाकले जाईल, अशी इटलीतल्या पर्यावरणवाद्यांची तक्रार होती. प्रत्यक्षात इमारत साधी, जवळपास नीरस आहे. शंभरावर जोडखोल्या (बसण्याची खोली, शयनकक्ष, स्वतंत्र न्हाणीघर), वीसेक एकेरी खोल्या आणि तळमजल्यावर सामाईक भोजनगृह. एखादे चांगले वसतिगृह असावे, तसेच हे सारे. व्यवस्था सेंट व्हिन्सेंट डी पॉल यांच्या परंपरेतील धर्मभगिनींकडे असते. कार्डिनल मुक्कामाला असताना बाहेरच्या जगाशी संपर्क पूर्ण तोडला जातो आणि मतदान जिथे होते त्या सिस्टीन चॅपेलपर्यंतच्या वाटेवरही त्यांच्याशी कोणी बोलू शकत नाही.

स्थापत्य म्हणून थांबून पाहावे ते चॅपेलच. पवित्र आत्म्याला वाहिलेले हे प्रार्थनामंदिर पिट्सबर्गचे वास्तुविशारद लुई अ‍ॅस्टोरिनो यांचे काम. इमारत आणि जुनी तटबंदी यांच्यामध्ये उरलेल्या चिंचोळ्या जागेत ते बसवायचे होते. अ‍ॅस्टोरिनो यांनी त्रैक्याचे (पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा यांच्या एकत्वाचे) प्रतीक असलेला त्रिकोण हाच रचनेचा सूर धरला. छत उतरते, टोकदार. तटबंदी झाकून टाकण्याऐवजी त्यांनी ती काचेतून दिसू दिली; त्यामुळे जुना दगडी कोट हीच चॅपेलची एक बाजू वाटते.

एप्रिल २००५ मध्ये निवडणुकीसाठी वास्तूचा पहिल्यांदा वापर झाला. तिला खरी प्रसिद्धी मिळाली ती २०१३ नंतर. पोप फ्रान्सिस यांनी राजवाड्यातल्या निवासात जायचे नाकारले आणि इथल्या २०१ क्रमांकाच्या खोल्यांत मुक्काम ठेवला. माणसांत राहिल्याशिवाय आपल्याला करमत नाही, असे त्यांचे कारण. ते भोजनगृहात इतरांसोबत जेवत आणि सकाळी सातला चॅपेलमध्ये मिस्सा (कॅथलिक उपासनाविधी) अर्पण करत. त्या वेळची त्यांची छोटी, उत्स्फूर्त प्रवचने जगभर पोचली. २०२० च्या टाळेबंदीत काही आठवडे ही मिस्सा रोज थेट प्रक्षेपित होत होती.

२१ एप्रिल २०२५ रोजी फ्रान्सिस यांचे निधन याच घरात झाले. शव दोन दिवस चॅपेलमध्ये होते आणि प्रथेप्रमाणे त्यांच्या खोल्यांना मोहोर लावली गेली. मेमधील निवडणुकीला १३३ कार्डिनल आले. नियमावलीतली मतदार कार्डिनलांची मर्यादा १२० ची असल्याने घर अपुरे पडले, आणि काहींची सोय शेजारच्या जुन्या सान्ता मार्ता इमारतीत करावी लागली.