तरंगणारा बर्फ सगळा एकच नसतो: समुद्री बर्फ आणि आइस शेल्फ

अंटार्क्टिकातला एखादा आइस शेल्फ, म्हणजे जमिनीवरच्या बर्फाचा समुद्रावर तरंगणारा पुढचा भाग, फुटल्याची बातमी आली की कोणीतरी पेल्याचं उदाहरण घेऊन येतंच. काठोकाठ भरलेल्या पेल्यात बर्फाचा खडा तरंगतो, वितळतो, पण पाणी काही सांडत नाही. तेव्हा तरंगता बर्फ वितळला म्हणून समुद्र चढत नाही, उगाच घाबरवू नका! आर्किमिडीजचा नियम खरा आहे आणि पेल्याचा प्रयोगही. चूक आहे ती समुद्री बर्फ आणि आइस शेल्फ यांना एकाच पंक्तीला बसवण्यात.

समुद्री बर्फ बहुतेकांना ठाऊक असतो, म्हणून थोडक्यात सांगतो. समुद्राचंच पाणी उणे 1.8 अंश सेल्सिअसच्या आसपास गोठतं आणि वर एक साय धरते. ती साय साधारण एक ते तीन मीटर जाड असते. आर्क्टिक महासागरावर आहे तो हाच बर्फ. सप्टेंबरात तो सर्वांत कमी असतो, आणि 2012 च्या सप्टेंबरात तर तो सुमारे 34 लाख चौरस किलोमीटरपर्यंत आकसला होता. याच्या वितळण्याने पातळी वाढत नाही, इथे पेला चालतो. (हा बर्फ बिनमहत्त्वाचा आहे असं मात्र नाही. पांढरा पृष्ठभाग ऊन परत फेकतो, उघडं काळं पाणी ते शोषून घेतं. पण तो वेगळा विषय.)

आइस शेल्फचा जन्मच वेगळा आहे. तो समुद्रात तयार होत नाही, जमिनीवरून समुद्रात येतो. अंटार्क्टिकावर हजारो वर्षं पडलेला हिम दबून दबून सरासरी दोन किलोमीटर जाडीचा बर्फ झाला आहे. याला मराठीत सर्रास ‘हिमचादर’ म्हणतात. मला तो शब्द पटत नाही, कारण दोन किलोमीटरची चादर डोळ्यांसमोर येत नाही. मी त्याला सरळ जमिनीवरचा बर्फ म्हणतो. हा बर्फ स्वतःच्या वजनाने किनाऱ्याकडे सरकत राहतो. किनाऱ्याशी आल्यावर तुटून न पडता पुढे पाण्यावर पसरतो, आणि मागून मात्र जमिनीवरच्या बर्फाला जोडलेलाच राहतो. हा पुढे आलेला तरंगता भाग म्हणजे आइस शेल्फ. तो गोड्या पाण्याचा असतो आणि शेकडो मीटर जाड असतो. रॉस आइस शेल्फ तर जवळजवळ फ्रान्सएवढा आहे.

आता खरी गोम. शेल्फ तरंगतोच आहे, म्हणजे त्याच्या वजनाचं पाणी त्याने आधीच बाजूला सारलेलं आहे. तो उद्या नाहीसा झाला तर त्या वितळण्याने पातळी जवळजवळ वाढणार नाही. इथवर पेलावाले बरोबर आहेत, आणि इथेच थांबतात म्हणून चुकतात. पेल्यातल्या खड्याच्या मागे काही नसतं. शेल्फच्या मागे अख्खा जमिनीवरचा बर्फ उभा असतो, आणि शेल्फ त्याला अडवून धरतो. शेल्फच्या दोन्ही कडा उपसागराच्या बाजूंना घासतात, त्याचा तळ कुठे कुठे समुद्रातल्या उंचवट्यांवर टेकतो, आणि या घर्षणाचा जोर मागे पोचतो. मागच्या हिमनद्या त्यामुळे सावकाश वाहतात. शेल्फ म्हणजे त्यांच्या तोंडाशी लावलेली अडणी आहे. अडणी गेली की हिमनद्या सुटतात, आणि मग जो बर्फ समुद्रात उतरतो तो आजवर जमिनीवर होता. तो पातळी वाढवतो, पूर्णपणे वाढवतो.

हा नुसता तर्क नाही. 2002 च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये अंटार्क्टिक द्वीपकल्पावरच्या लार्सेन बी शेल्फचा सुमारे 3,250 चौरस किलोमीटरचा भाग, म्हणजे गोव्याहून थोडा लहान तुकडा, महिनाभरात चुरा होऊन गेला. तो किमान दहा हजार वर्षं टिकून होता. त्यानंतर हेक्टोरिया, ग्रीन आणि इव्हान्स या त्याच्या मागच्या हिमनद्यांचा वेग काही पटींनी वाढला. त्याच्या दक्षिणेला, जिथे शेल्फचा उरलेला भाग शाबूत होता, तिथल्या फ्लास्क आणि लेपर्ड या हिमनद्यांचा वेग मात्र वाढला नाही. हवा तीच, द्वीपकल्प तेच, फरक फक्त अडणीचा. यापेक्षा स्वच्छ प्रयोग निसर्गाने करून दाखवणं कठीण. पश्चिम अंटार्क्टिकातल्या थ्वेट्स हिमनदीसमोरच्या शेल्फखाली शिरणाऱ्या उबदार पाण्यावर शास्त्रज्ञ डोळ्यांत तेल घालून का बसलेत, ते यातून कळावं. एकट्या थ्वेट्समधला बर्फ समुद्रात गेला तर जगभर पातळी सुमारे 65 सेंटीमीटर चढेल.

पण प्रत्येक तुटलेला तुकडा म्हणजे अडणी गेली असंही नाही. जुलै 2017 मध्ये लार्सेन सी शेल्फपासून ए-68 हा सुमारे 5,800 चौरस किलोमीटरचा हिमनग सुटला. आकाराने तो लार्सेन बीच्या त्या भागापेक्षा मोठा, तरी मागचा शेल्फ उभाच राहिला. कडेचे तुकडे सुटणं हा शेल्फचा नेहमीचा व्यवहार आहे. बातमीत हिमनगाचा आकार वाचण्यापेक्षा मागे काय उरलं ते वाचावं. शिवाय हिमनग म्हणजे समुद्रात तरंगणारा सुटा तुकडा. हिमालयात ‘हिमनग कोसळला’ असं छापून येतं तेव्हा मला खरोखर त्रास होतो. तिथे हिमनदी असते, हिमकडा असतो, हिमनग नसतो.

दुसरा गोंधळ आकड्यांचा. 2014 च्या सप्टेंबरात अंटार्क्टिकाभोवतीचा समुद्री बर्फ 2 कोटी चौरस किलोमीटरच्या वर गेला, आणि ‘अंटार्क्टिका वाढतंय’ असा निष्कर्ष लगोलग काढला गेला. त्याच काळात ग्रेस उपग्रह गुरुत्वाकर्षण मोजून दाखवत होते की जमिनीवरचा बर्फ वर्षाला अब्जावधी टनांनी घटतो आहे. एक बर्फ पसरत होता, दुसरा कमी होत होता, यात विरोध काहीच नाही. पुढे 2023 च्या फेब्रुवारीत तो समुद्री बर्फही सुमारे 18 लाख चौरस किलोमीटरवर आला. म्हणून मी आधी एकक बघतो. चौरस किलोमीटरमध्ये पसारा सांगितला असेल तर बहुधा समुद्री बर्फाची गोष्ट असते. अब्ज टन म्हटलं असेल तर जमिनीवरच्या बर्फाची. सुमारे 360 अब्ज टन जमिनीवरचा बर्फ समुद्रात गेला की पातळी एक मिलिमीटर चढते.

आपल्याकडच्या वाचकाला शेल्फ ओळखीचा वाटावा असं एक उदाहरण आहे. भारताची पहिली अंटार्क्टिका मोहीम डिसेंबर 1981 मध्ये गोव्यातून निघाली, आणि दोनेक वर्षांत उभारलेलं दक्षिण गंगोत्री हे पहिलं केंद्र आइस शेल्फवर होतं. शेल्फवर हिम साचतच राहतो. काही वर्षांत केंद्र बर्फात गाडलं गेलं आणि ते सोडावं लागलं. 1989 मध्ये मैत्री हे दुसरं केंद्र उभं राहिलं ते शिरमाकर ओअॅसिसच्या उघड्या खडकावर.