प्रायोगिक चित्रपटातील नट (पुणे)

हौशी किंवा प्रायोगिक रंगभूमीवर तयार झालेला, थोडक्या पैशांत निघालेल्या आडवाटेच्या चित्रपटांत काम करणारा आणि पोटापाण्यासाठी बहुधा दुसराच व्यवसाय सांभाळणारा नट. पुण्यात ही जात चांगली रुजली.

तिचा ठळक नमुना डॉ. मोहन आगाशे (जन्म १९४७). व्यवसायाने मानसोपचारतज्ज्ञ. विजय तेंडुलकरांच्या ‘घाशीराम कोतवाल’मध्ये १९७२ साली ते नाना फडणवीस झाले. नाटकाचे दिग्दर्शक जब्बार पटेल बालरोगतज्ज्ञ. या नाटकात नसलेले नट श्रीराम लागू कान-नाक-घशाचे शल्यविशारद. पुण्याच्या नाट्यवेडात डॉक्टरांचा एवढा भरणा का, हा स्वतंत्र नोंदीचा विषय आहे. नाटकावर वादंग माजले, मूळ संस्थेने १९ प्रयोगांनंतर ते थांबवले, तेव्हा पटेल, आगाशे आणि नाटकातल्या सहकाऱ्यांनी १९७३ मध्ये थिएटर अकॅडमी ही नाट्यसंस्था काढली.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून, म्हणजे चित्रपटकला शिकवणाऱ्या सरकारी संस्थेतून, बाहेर पडलेल्या तरुणांनी युक्त फिल्म ही सहकारी संस्था स्थापून १९७६ साली ‘घाशीराम’वर चित्रपट केला. मणी कौल, के. हरिहरन, सईद मिर्झा, कमल स्वरूप ही त्यातली नावे. नाना फडणवीसांच्या भूमिकेत आगाशेच राहिले. घाशीराम मात्र ओम पुरी, त्याच इन्स्टिट्यूटमध्ये अभिनय शिकलेले. या चित्रपटात कॅमेरा न थांबता बराच वेळ चालतो. अशा दृश्यात फसलेला नट संकलनाच्या टेबलावर सावरता येत नाही. सगळे तालमीवर अवलंबून, आणि तालमीची सवय नाटकवाल्यांना होतीच.

आगाशे ‘निशांत’, ‘जैत रे जैत’ आणि सत्यजित राय यांच्या ‘सद्गती’त दिसले, १९९७ ते २००२ या काळात ते फिल्म इन्स्टिट्यूटचे संचालकही होते. पण त्यांचे दोन्ही व्यवसाय खरे एकत्र आले ते सुमित्रा भावे–सुनील सुकथनकर यांच्या चित्रपटांत. ‘अस्तु’मध्ये या मानसोपचारतज्ज्ञाने स्मृतिभ्रंश झालेला संस्कृत पंडित उभा केला. हत्तीमागे भान हरपून चालत जाणारा हा म्हातारा ही त्यांची सर्वांत हळवी भूमिका म्हणावी लागेल. नैराश्यावरच्या ‘कासव’मध्ये ते नट होते आणि निर्मातेही, २०१६च्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे सुवर्णकमळ त्याला मिळाले.

पुढच्या पिढीत या वाटेवर गिरीश कुलकर्णी येतात. फिल्म इन्स्टिट्यूटचेच उमेश कुलकर्णी यांच्या ‘वळू’मध्ये (२००८) आगाशे सरपंच होते, आणि पटकथेत हात असलेले गिरीश त्याच गावातला जीवन. ‘देऊळ’साठी (२०११) गिरीश यांना अभिनयाचा आणि संवादलेखनाचा, असे दोन राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. दुसरा व्यवसाय इथे दवाखान्यातून लेखणीकडे सरकला आहे.