मारी लोझिए आणि तिचा चावीचा कॅमेरा

फ्रेंच फिल्मकार मारी लोझिएची फिल्म पहिल्यांदा बघताना कळतच नाही की ही डॉक्युमेंटरी आहे का कविता. पडद्यावरचा माणूस करत असतो एक आणि आवाजात सांगत असतो भलतंच, पण दोन्ही मिळून तो माणूस असा काही समजतो की बास! याचं मूळ बरंचसं तिच्या कॅमेऱ्यात आहे.

कॅमेरा म्हणजे १६ एमएम रुंदीच्या फिल्मवर चालणारा बोलेक्स, स्विस बनावटीचा, १९३५ पासून चालत आलेला. बाजूची चावी पिळायची, की साधारण २८ सेकंद फिल्म फिरते आणि मग थांबते, परत चावी द्यायची. १०० फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत खल्लास. शूटिंग करताना आवाज त्यात येतच नाही, उलट मशीनचीच घरघर चालू असते, म्हणून आवाज वेगळा घ्यायचा आणि नंतर एडिटिंगमध्ये चित्राशेजारी बसवायचा. एवढ्याशा तुकड्यांमध्ये सलग मुलाखत घेणार तरी कशी? मग नाच, वेशभूषा, घरातले खेळ, स्वप्नासारखे प्रसंग, हेच सगळं येतं.

हे तिच्या आधीपासून चालत आलंय. १९४५ मध्ये फिल्मकार मारी मेनकेन न्यूयॉर्कला शिल्पकार इसामू नोगुचींच्या स्टुडिओत हातात कॅमेरा घेऊन शिल्पांच्या मधून नुसती फिरली आणि चारेक मिनिटांची फिल्म झाली. दुसऱ्या महायुद्धानंतर लिथुआनियाचे निर्वासित योनास मेकास तिथे आले, १९४९ मध्ये उधारीच्या पैशांवर त्यांनी बोलेक्स घेतला आणि मग आयुष्यभर मित्रमंडळी, कवी, कलाकार टिपत राहिले. मला तर वाटतं, कलाकाराचं पोर्ट्रेट त्याच्या घरात शिरून, त्याचा दोस्त होऊन करायचं, ही रीत त्या काळात पक्की झाली.

लोझिए १९७२ ची, फ्रान्सची. न्यूयॉर्कला येऊन हंटर कॉलेजात चित्रकला शिकली आणि हळूहळू तिथल्या अवांगार्द, म्हणजे चाकोरीबाहेरचे प्रयोग करणाऱ्या मंडळींच्यात मिसळून गेली. फिल्मकार कुचर बंधू, नाटककार रिचर्ड फोरमन, संगीतकार टोनी कॉनराड, एकेकावर छोट्या छोट्या फिल्म केल्या.

मग जेनेसिस पी-ऑरिज भेटले, थ्रॉबिंग ग्रिसल या ब्रिटिश बँडवाले. म्हणे गॅलरीतल्या गर्दीत तिचा पाय त्यांच्या पायावर पडला आणि ओळख झाली. ते आणि त्यांची जोडीदार लेडी जे यांनी ऑपरेशनं करून एकमेकांसारखं दिसायचं ठरवलेलं, दोघं मिळून एकच व्यक्ती व्हायचं म्हणून. लोझिए त्यांच्यासोबत वर्षानुवर्षं राहिली, दौऱ्यांवर गेली. २००७ मध्ये लेडी जे अचानक वारली तरी शूटिंग थांबलं नाही. या दोघांवरची फिल्म २०११ मध्ये आली, बर्लिनच्या फिल्म महोत्सवात तिला टेडी पुरस्कार, म्हणजे एलजीबीटी विषयांवरच्या फिल्मसाठीचा पुरस्कार मिळाला. त्यात लेडी जे हसते, नटते, कॅमेऱ्याकडे बघते, आणि त्या दोघांची गोष्ट आपल्याला बहुतेक जेनेसिसच्याच आवाजात ऐकू येत राहते.