कासव जेवत नाही? आधी पाण्याचे तापमान बघा

जानेवारीत माझी भाची पणजीचा फ्लॅट सोडून फोंड्याच्या जुन्या घरी राहायला गेली. सामानाबरोबर तिचे पाण्यात राहणारे स्लायडर जातीचे कासवही गेले. चौथ्या दिवशी फोन आला, "मामा, हे काही खातच नाही. डोके आत घेऊन बसलेय. आजी म्हणते, दृष्ट लागली."

दृष्ट नव्हे, थंडी. फ्लॅटमध्ये टाकी उन्हाच्या बाल्कनीत होती. इथे चिऱ्यांच्या जाड भिंतींच्या, काळोख्या खोलीत. सकाळी पाण्यात थर्मामीटर धरला तर २२ अंश! कासवाला स्वतःच्या शरीराची ऊब तयार करता येत नाही. पाणी गार झाले की पाचकरस मंदावतात आणि भूकच मरते. अशा वेळी जबरदस्तीने भरवले तर अन्न पोटात न पचता पडून राहते. हीटर लावून पाणी २५-२६ अंशांवर आणायचे, बाहेर येऊन अंग शेकायला एक कोरडा दगड ठेवायचा, आणि दोन-चार दिवस त्याला अजिबात हात लावायचा नाही. लपायला जागा मात्र हवी. नवख्या ठिकाणी लपणे हे त्याचे शहाणपण आहे.

जुन्या घराची खरी श्रीमंती म्हणजे राजांगण, घराच्या मधोमध असलेले उघडे अंगण. सकाळच्या उन्हातल्या अतिनील-बी किरणांमुळे कासवाच्या त्वचेत ड जीवनसत्त्व तयार होते. त्याशिवाय कॅल्शियम अंगी लागत नाही, आणि कवच मऊ पडते. खिडकीच्या काचेतून हे किरण जवळजवळ येतच नाहीत, म्हणून काचेआडचे ऊन फसवे. पण काचेची टाकीच उन्हात ठेवू नका, पाणी बघता बघता धोकादायक तापू शकते. पसरट टब घ्या, अर्ध्यावर सावली करा आणि कावळ्या-कुत्र्यांवर नजर ठेवा. पावसाळ्यात आठवडाभर सूर्य दिसत नाही, तेव्हा खास अतिनील दिवाच लागतो.

भाचीने हौसेने आणखी एक घोळ केला होता. निघताना फिल्टरचा स्पंज नळाखाली लख्ख धुतला. कासवाच्या विष्ठेतून निघणाऱ्या अमोनियाचे नायट्रेट करणारे जिवाणू त्या मळकट स्पंजातच राहतात, आणि नळाच्या पाण्यातले क्लोरीन त्यांना मारते. ते पुन्हा वसायला चार-सहा आठवडे जातात. तोवर दर दोन-तीन दिवसांनी पाव टाकी पाणी बदलायचे. विहिरीच्या पाण्यात ब्लीचिंग पावडर टाकलेली नसेल तर ते उत्तम.

नाकातून बुडबुडे येणे, तोंड उघडून श्वास घेणे, एका अंगावर कलंडून पोहणे ही फुप्फुसांच्या आजाराची लक्षणे. तिथे वाट बघू नका, पशुवैद्य गाठा. टाकीत हात घातला की साबणाने धुवा. कासवे साल्मोनेला नावाचे, माणसाचे पोट बिघडवणारे जिवाणू बाळगतात.

"एवढा खटाटोप करण्यापेक्षा विहिरीत सोडले तर?" आजीचा प्रश्न. नाही! डोळ्यांमागे लाल पट्टा असलेले हे स्लायडर मूळचे अमेरिकेतल्या मिसिसिपी खोऱ्यातले. आपल्या तळ्यात सुटले तर तिथल्या कासवांचे अन्न आणि ऊन खायच्या जागा बळकावते. उलट तळ्यातले देशी कासव घरी आणणे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने गुन्हा आहे.

आठव्या दिवशी त्याने पाण्यात टाकलेले कासवाच्या खाद्याचे दाणे खाल्ले. आजीने त्याआधी मीठ-मोहरी ओवाळली होती, त्यामुळे श्रेय कोणाचे यावर घरात अजून वाद आहे.