पाच लाखांची सही करण्याआधी: अपघात भरपाईचा अर्ज, कागदपत्रं आणि विमा कंपनीच्या हरकती

अपघाताचा क्लेम टाकायला आलेली माणसं हमखास विचारतात, "साहेब, ते सुरुवातीचे पन्नास हजार कधी मिळतात?" गावात कुणाला तरी पूर्वी मिळालेले असतात. ती मोटार वाहन कायद्याच्या जुन्या कलम १४० ची 'नो फॉल्ट' भरपाई. मृत्यूला ५० हजार आणि कायमच्या अपंगत्वाला २५ हजार. चूक कोणाची ते न बघता मिळायची आणि मुख्य दाव्याच्या रकमेतून वजा व्हायची. १ एप्रिल २०२२ पासून ते कलम गेलं. अपघात त्याआधीचा असेल तरच त्याचं नाव काढायचं.

आता त्या जागी कलम १६४ आहे. मृत्यूला ५ लाख, गंभीर इजेला अडीच लाख, आणि इथेही चूक सिद्ध करावी लागत नाही. रक्कम दहापट झाली म्हणून लोक खूश होतात. मेख पुढेच आहे. विमा कंपनीचा अधिकारी कलम १४९ प्रमाणे तडजोडीचा प्रस्ताव देतो. त्या पद्धतीने तुम्ही १६४ ची रक्कम स्वीकारलीत की कलम १६६ खालचा, म्हणजे समोरच्याची चूक दाखवून पूर्ण भरपाई मागण्याचा तुमचा दावा तिथेच संपतो. म्हणजे हा हप्ता नव्हे, हा शेवटचा चेक आहे.

आकड्यांत बघा. तीस वर्षांचा, महिना २० हजार कमावणारा गवंडी गेला. मागे बायको, दोन मुलं आणि आई. वर्षाचे २ लाख ४० हजार. त्यात भावी उत्पन्नवाढीचे ४० टक्के मिळवले की ३ लाख ३६ हजार. त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा काढला की उरतात २ लाख ५२ हजार. त्याला वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणायचं, तिशीला गुणक १७. होतात ४२ लाख ८४ हजार, अंत्यविधी वगैरेची रक्कम वेगळी. अर्थात १६६ मध्ये समोरच्या चालकाची चूक दाखवावी लागते आणि कमाईचा पुरावा लागतो. चूक आपल्याच माणसाची असेल, तर मात्र १६४ चा आधार मोठा आहे. दिवस-कार्याच्या गडबडीत कोणी फॉर्म पुढे केला, तर "वकिलाला दाखवून सांगतो" म्हणा. प्रस्ताव नाकारला म्हणून हक्क जात नाही, दावा गुणवत्तेवर चालतो.

अर्ज मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात, म्हणजे बहुतेक ठिकाणी जिल्हा न्यायालयाच्या आवारातच. अपघात होसूरला झाला आणि तुम्ही जतला राहता, तरी तुमच्या भागातल्या न्यायाधिकरणात दावा टाकता येतो. मृताचे वारस, जखमी स्वतः किंवा त्याने नेमलेला प्रतिनिधी अर्ज करू शकतो. मुदत अपघातापासून सहा महिने. या अटीला न्यायालयात आव्हान दिलं गेलंय, पण त्या भरवशावर बसू नका.

कागदांची सुरुवात पोलीस ठाण्यातून करा: एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, मृत्यू असेल तर मरणोत्तर पंचनामा आणि शवविच्छेदन अहवाल. पोलिसांनी ४८ तासांत प्राथमिक आणि ९० दिवसांत सविस्तर अपघात अहवाल न्यायाधिकरणाला द्यायचा असतो, त्याची प्रत मागून घ्या. गाडीचं आरसी (नोंदणी प्रमाणपत्र), चालकाचा परवाना, विम्याची पॉलिसी हेही लागतं. मालक पॉलिसी देत नसेल तर परिवहनच्या ॲपवर गाडी नंबर टाकून कंपनीचं नाव शोधता येतं. जखमीने डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे आणि औषधांची मूळ बिलं एका पिशवीत ठेवायची. मेडिकलचं बिल वर्षभरात पांढरं पडतं, म्हणून आधी झेरॉक्स काढा. शिवाय आधार, रेशन कार्ड, पासबुक, वयाचा आणि कमाईचा पुरावा.

आता हरकती. नोटीस मिळाली की कंपनीचा वकील बहुधा "पॉलिसीच्या अटींचा भंग" हे लेखी म्हणण्यात घालतोच. परवाना नव्हता किंवा चुकीचा होता, ही नेहमीची हरकत. मालकाने जाणूनबुजून भंग केला हे कंपनीनेच सिद्ध करायचं, असं सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये सांगितलं. बऱ्याच प्रकरणांत 'आधी भरा, मग मालकाकडून वसूल करा' असा हुकूम होतो. हलक्या वाहनाच्या परवान्यावर टेम्पो चालवला हा आवडता मुद्दा तर सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये निकाली काढला: साडेसात हजार किलोपर्यंतच्या मालवाहू गाडीला तो परवाना चालतो. विम्याच्या हप्त्याचा चेक वटला नाही, ही आणखी एक हरकत. अपघाताआधी पॉलिसी रद्द करून मालकाला कळवलं नसेल, तर ती टिकत नाही.

खरी अडचण टेम्पोतून नेलेल्या लग्नाच्या वऱ्हाडाची. मालवाहू टेम्पोत फुकट बसलेल्या माणसांची जबाबदारी कंपनीवर येत नाही, असा २००३ चा निकाल आहे. मग मालकाच्या मागे लागावं लागतं, आणि त्याच्या नावावर बहुतेकदा तो टेम्पोच असतो, तोही कर्जाचा.

'हा वाहनाचा अपघातच नाही' ही हरकतही जुनीच. ऑक्टोबर १९८७ मध्ये सातारा जिल्ह्यात कवठ्याजवळ पेट्रोलचा टँकर महामार्गाखाली उलटला. काही तासांनी स्फोट झाला आणि जमलेली माणसं भाजली. स्फोटाचा वाहनाच्या वापराशी संबंध नाही, असा बचाव झाला. १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला. वर असंही म्हटलं की 'नो फॉल्ट'ला लांबलचक पुरावा नको, एफआयआर, पंचनामा, डॉक्टरी दाखला, आरसी आणि विम्याचा कागद बघून निर्णय द्यावा. कलम १४० चे जुने अंतरिम अर्ज अजून पडून असतील, तर हा निकाल वकिलाला दाखवा.

वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. बायका, मुलं आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना उत्पन्न न विचारता मोफत वकील मिळतो.

आणि ठोकणारी गाडी सापडलीच नाही तर न्यायाधिकरणाऐवजी तहसील किंवा प्रांत कार्यालयात अर्ज करायचा. मृत्यूला २ लाख, गंभीर इजेला ५० हजार. पुढे गाडीचा पत्ता लागला आणि दाव्यात भरपाई मिळाली, तर हे पैसे त्यातून परत करावे लागतात.