ओपन रिलेशनशिप: विचारलं कुणाला, हा जुनाच प्रश्न

बाणेर-बालेवाडीतली तिशीतली जोडपी ‘ओपन’ राहायचं, म्हणजे दोघांच्या संमतीने बाहेरही संबंध ठेवायचे, असं म्हणाली की घरचे म्हणतात हे अमेरिकन खूळ, आणि ते अर्धं खरंही आहे, पण आपल्याकडची गोष्ट बरीच जुनी आहे.

१८६० च्या भारतीय दंड संहितेतलं कलम ४९७ बघा. परपुरुषाने विवाहित बाईशी संबंध ठेवले तर गुन्हा, पण नवऱ्याची संमती असेल तर गुन्हाच नाही! बायकोला काय वाटतं हे कुठेच नाही, आणि तिला नवऱ्याच्या लफड्याबद्दल तक्रारही करता येत नव्हती. म्हणजे संमती होती, फक्त एकाच माणसाची. सुप्रीम कोर्टाने हे कलम रद्द केलं ते थेट २७ सप्टेंबर २०१८ ला. व्यभिचार घटस्फोटाचं कारण अजूनही आहेच, आणि दुसरं लग्न केलंत तर सात वर्षांपर्यंत शिक्षा, ते वेगळं.

मधल्या काळात र. धों. कर्वे. फर्ग्युसनमध्ये शिकलेला माणूस, १९२७ पासून मुंबईतून ‘समाजस्वास्थ्य’ मासिक काढायचा, बाईलाही लैंगिक सुखाचा हक्क आहे असं उघड लिहायचा. अश्लीलतेचे खटले झाले, १९३४ मध्ये तर बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील होते, तरी हरले. पण जोडीदाराला जळफळाट झाला तर घरात बोलायचं कसं, हे त्यातून फारसं कुणी उचललं नाही.

ते बोलणं पुण्यात आलं १९७४ नंतर, कोरेगाव पार्कात, रजनीशांच्या आश्रमात. पाश्चात्त्य थेरपिस्ट थेरपीचे ग्रुप घ्यायचे, लोक मत्सर, राग सगळं ओरडून बाहेर काढायचे, काही ग्रुपमध्ये मारामारीसुद्धा व्हायची, ती १९७९ मध्ये बंद केली. सदाशिव पेठेने मात्र भगव्या कपड्यातल्या फॉरेनर्सच्या गप्पा तेवढ्या चघळल्या. (अजूनही चघळतात.)

आता बाउंड्री (स्वतःची मर्यादा), चेक-इन (अधूनमधून बसून एकमेकांना कसं वाटतंय ते विचारणं) वगैरे शब्द सर्रास वापरतात, पण ‘तू तिला भेटायचं नाही’ हा हुकूम झाला, आणि ‘मला डिटेल्स ऐकवू नकोस, पण रात्री येणार नसशील तर आधी मेसेज कर’ ही स्वतःची मर्यादा, यातला फरक बऱ्याच जणांना पहिलं भांडण झाल्यावर कळतो. माझ्या मते सगळ्यात घातक म्हणजे आपलं घरगुती ‘तुला चालेल तसं कर’. ते तोंड पाडून म्हटलेलं असतं आणि समोरचा त्याला होकार धरून चालतो.